तो डबा भंगारात देऊ नका!

दिवाळीची साफसफाई निघाली की माळे उपसले जातात. खाली भंगारवाल्याची हाक येते आणि एखादा गंजलेला, चपटा, गोल डबा त्याच्या पोत्यात जातो. थांबा! तो डबा आधी बाजूला काढा. आत सिनेमाचं रीळ असू शकतं.

दिग्दर्शक बाबूराव पेंटरांचा १९२५चा चित्रपट 'सावकारी पाश' हरवला. सावकाराने नाडलेल्या शेतकऱ्याची ती गोष्ट. त्यात तरुण व्ही. शांताराम शेतकरी झाले होते. आपला वास्तववादी सिनेमा इथून सुरू झाला का, यावर आजही वाद झडतात. पण वाद घालायचा कशाच्या जोरावर? चित्रपटच हाती नाही. १९३७चा 'कुंकू' मात्र वाचला. म्हणून म्हाताऱ्याशी लावून दिलेलं लग्न ठामपणे नाकारणारी नीरा तुमची लेक आज स्वतःच्या डोळ्यांनी पाहू शकते.

असे चित्रपट घराघरांतून वाचतात. दादासाहेब फाळक्यांच्या 'कालिया मर्दन'चे तुकडे घरच्यांनी जपले, पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या पी. के. नायर यांनी ते जुळवले. बाळकृष्ण झालेली फाळक्यांची मुलगी मंदाकिनी त्यामुळेच आपल्याला दिसते. तुमचे आजोबा तंबू टॉकीज चालवायचे? वडील वितरकाच्या पेट्या पोचवायचे? मग आजच माळा बघा.

पण जपून. जुनी नायट्रेटची फिल्म भडकन पेटते, नुसत्या उष्णतेनेही. २००३ साली पुण्यात, प्रभात फिल्म कंपनीच्या जुन्या आवारात, अशाच रिळांचा साठा आगीत गेला. डबा गॅसजवळ ठेवू नका, उन्हात ठेवू नका. रीळ प्रोजेक्टरवर चढवू नका, पाण्याने धुऊ नका. व्हिनेगरसारखा आंबूस वास आला तर ॲसिटेटची फिल्म कुजू लागली आहे, आता एक पावसाळाही जाऊ देऊ नका. डबा गार, कोरड्या जागी ठेवा आणि संग्रहालयाला कळवा. स्वतः एसटीत घालून नेऊ नका. कसा हलवायचा ते त्यांनाच विचारा.

रीळ नसेल, तर गाण्यांच्या पुस्तिका, जाहिराती, चित्रीकरणाचे फोटो शोधा. त्या फोटोत मागे उभ्या असलेल्या बायकांची नावं कदाचित कुठल्याच पुस्तकात नसतील, आजीला मात्र ठाऊक असतील. आज संध्याकाळीच तिच्याजवळ बसा. एकेक नाव विचारा, फोटोमागे पेन्सिलीने हलक्या हाताने लिहा. आणि शेजारी माळा काढत असतील, तर भंगारवाला येण्याआधी त्यांनाही हाक मारा.