जपानमधील विवाहित स्त्रियांच्या आडनावाचा प्रश्न
जपानमध्ये विवाहाची नोंद करताना पती व पत्नी या दोघांनी एकच आडनाव स्वीकारणे कायद्याने बंधनकारक आहे. कोणाचे आडनाव घ्यावे हे नागरी संहितेच्या ७५० व्या कलमात सांगितलेले नाही. ते दोघांनी ठरवावयाचे असते. प्रत्यक्षात सुमारे ९५ टक्के जोडपी पतीचे आडनाव घेतात. त्यामुळे शब्दांत समान असलेल्या या नियमाचा भार जवळजवळ पूर्णपणे स्त्रियांवर पडतो. पती-पत्नींनी आपापले आडनाव कायम ठेवण्याच्या पद्धतीस जपानी भाषेत 'फूफू बेस्सेई' असे म्हणतात. परदेशी व्यक्तीशी विवाह करणाऱ्या जपानी नागरिकांना मात्र ही सक्ती लागू नाही.

इतिहास
समान आडनावाचे समर्थन बहुधा परंपरेच्या आधारे केले जाते. परंतु ही परंपरा फारशी जुनी नाही. सामान्य प्रजेला आडनाव लावण्याची मुभा १८७० मध्ये मिळाली व १८७५ मध्ये ते सक्तीचे झाले. १८७६ च्या शासकीय आदेशानुसार तर पत्नीने माहेरचेच आडनाव लावावयाचे होते. १८९८ च्या नागरी संहितेने 'इए' म्हणजे कुटुंबप्रमुखाच्या सत्तेखालील घराणे कायद्यात आणले आणि पत्नीस पतीच्या घराण्याचे नाव मिळू लागले. १९४७ मध्ये अमलात आलेल्या राज्यघटनेच्या २४ व्या कलमाने पती-पत्नींना समान हक्क दिले. 'इए' पद्धत रद्द झाली, एकच आडनाव मात्र टिकून राहिले.

सुधारणेची मागणी
समान रोजगार संधी कायदा १९८६ मध्ये लागू झाला. विवाहानंतरही नोकरी, संशोधन वा वकिली करणाऱ्या स्त्रिया वाढल्या, तसे नाव बदलणे म्हणजे व्यावसायिक ओळख गमावणे ठरू लागले. १९९६ मध्ये न्याय मंत्रालयाच्या विधी परिषदेने स्वतंत्र आडनावांचा पर्याय देण्याची शिफारस केली. सत्ताधारी लिबरल डेमोक्रॅटिक पक्षातील पुराणमतवादी गटाच्या विरोधामुळे सरकारने ते विधेयक संसदेत मांडलेच नाही.

सर्वोच्च न्यायालयाने १६ डिसेंबर २०१५ रोजी हे कलम घटनासंमत ठरवले. पंधरा न्यायाधीशांपैकी पाच जणांनी भिन्न मत नोंदवले. त्या वेळी न्यायालयात तीनच स्त्री न्यायाधीश होत्या आणि तिघींनीही हे कलम घटनाबाह्य मानले. २०२१ मध्ये न्यायालयाने आपली भूमिका कायम ठेवत निर्णय पुन्हा संसदेवर सोपवला.

सद्यस्थिती
२०१९ पासून निवासी नोंदीत व वाहन परवान्यावर माहेरचे आडनाव जोडता येते. परंतु कायदेशीर नाव एक आणि वापरातले दुसरे, यामुळे बँकेत व परदेश प्रवासात अडचणी येतात. म्हणूनच २०२४ मध्ये केइदानरेन या मोठ्या उद्योगांच्या महासंघानेही बदलाची मागणी केली. हा प्रश्न केवळ स्त्री संघटनांचा उरलेला नाही, हे त्यातून दिसते. त्याच वर्षी संयुक्त राष्ट्रांच्या स्त्रीविषयक समितीने जपानला चौथ्यांदा कायदा बदलण्यास सांगितले.

ऑक्टोबर २०२५ मध्ये साने ताकाइची जपानच्या पहिल्या स्त्री पंतप्रधान झाल्या. त्यांचा स्वतंत्र आडनावांना विरोध असून माहेरच्या नावाच्या वापराची व्याप्ती वाढवणे पुरेसे आहे, असे त्यांचे मत आहे. विशेष म्हणजे २०२१ मधील त्यांच्या पुनर्विवाहात पतीने त्यांचे आडनाव घेतले आहे.

दरम्यान काही जोडपी विवाहाची नोंदच करत नाहीत. अशा सहजीवनात जोडीदारास वारसाहक्क मिळत नाही, आणि पती-पत्नींना मिळणारी आयकर सवलतही लागू होत नाही.