रांग कापू नका!

दोस्तहो, फ्रेडरिक वाइजमनची 'वेल्फेअर' बघितली. १९७५ ची फिल्म. न्यूयॉर्कमधलं गरिबांना सरकारी मदत देणारं ऑफिस. हिरो नाय, गाणं नाय, मागून समजावणारा भारदस्त आवाज नाय. नुसती माणसं. या खिडकीवरून त्या खिडकीवर. हा कागद आण, उद्या ये. जवळजवळ तीन तास!

एक साहित्यिक मित्र म्हणाले, कंटाळवाणी आहे. असणारच! एका दाखल्यापायी ज्याची कधी हजेरी बुडाली नाही, त्याला रांग बघणंसुद्धा जड जातं. मी गोदीत हमाली करतो. आमच्यावर फिल्म काढणारे येतात, घामेजलेली पाठ टिपतात, वर करुण सतार घालतात. पाठ दिसते, तिच्यावर ओझं कुणी ठेवलं, ते दिसत नाही. वाइजमन टेबलं, फॉर्म, नियम दाखवतो. भुकेची फाईल कशी होते, ते दाखवतो.

त्यात एक गोरा इसम काळ्या पहारेकऱ्याच्या तोंडावर वंशद्वेषाचं गरळ ओकत राहतो. वाइजमन मध्ये बोलत नाही. काही समीक्षक याला तटस्थपणा म्हणतात. झूट! एवढ्या ढीगभर चित्रीकरणातून हेच ठेवायचं, हे कुणीतरी ठरवलं ना? कात्री कधी तटस्थ नसते.

म्हणून सवाल एवढाच: आपल्या रांगेची फिल्म होईल तेव्हा कात्री कुणाच्या हातात असेल? कॅमेरा आता आपल्याही खिशात आहे. रांगेत उभे आहात ना? मग काढा फिल्म. फक्त कापताना रांग कापू नका.