वऱ्हाडातल्या कला विभागाचे मागणीपत्र

प्रति,
मा. सांस्कृतिक कार्य मंत्री,
महाराष्ट्र राज्य

महोदय,

आम्ही अमरावती आणि अकोला जिल्ह्यांतले सुतार, रंगारी, मोल्डर, प्रॉपर्टी जमवणारे. कुणी नाटकाच्या नेपथ्यातून आले, कुणी अकोल्याच्या कावड उत्सवातले देखावे बांधत. मुंबई-पुण्याचे चित्रपटाचे किंवा मालिकेचे युनिट उतरले की आम्हाला फोन येतो आणि कागदावर नोंद होते ‘लोकल लेबर’. आमची हरकत मुळात या नोंदीला आहे.

एका युनिटने पूर्णाकाठच्या शेतकऱ्याचे घर म्हणून उतरत्या कौलांचे छप्पर चढवले आणि दारात पाभर ठेवली. आमच्या लोकांनी छप्पर उतरवून धाबे केले, भिंतींना पांढरी माती लावली, न्हाणीला पऱ्हाटीचा कूड घातला आणि शेजारच्या गावातून वापरून झिजलेली तिफन आणली. (नवी तिफन कॅमेऱ्यापुढे लगेच उघडी पडते.) काय चुकले ते ओळखणे आणि काय हवे ते ठरवणे, हे प्रॉडक्शन डिझाइनच आहे. हजेरी मात्र मजुराची लागली.

कला दिग्दर्शक नितीन चंद्रकांत देसाईंनी ‘लगान’ चित्रपटातले चंपानेर गाव भुजजवळच्या कुनरियात उभारले, ते तिथल्याच लोकांना हाताशी धरून. कला दिग्दर्शनाच्या त्यांच्या चार राष्ट्रीय पुरस्कारांपैकी एक त्या कामाचा. देसाई स्वतः नितीश रॉय यांच्या हाताखाली तयार झाले होते. या धंद्यात माणूस असाच वर चढतो : सहायक, असोसिएट, कला दिग्दर्शक, मग प्रॉडक्शन डिझायनर. आमच्या पोरांचे सहायक म्हणूनही नाव लागत नाही, त्यामुळे पुढच्या कामाला दाखवायला हातात काही उरत नाही.

म्हणून पहिली मागणी. मराठी चित्रपटांना शासन अनुदान देते. चित्रीकरण इथे झाले असेल तर स्थानिक कला कामगारांची नावे पदासह श्रेयनामावलीत आहेत की नाहीत, हे छाननीत पाहावे. नसतील तर अनुदान रोखावे. शिवाय किमान एक स्थानिक सहायक पूर्ण चित्रीकरणभर पगारी असावा.

दुसरी, पैशांची. मालिकांचे पैसे ९० दिवसांनी, ही मुंबईची जुनी रड. इथे युनिट गेले की फोन उचलणाराही जातो. चित्रीकरणाच्या परवानगी अर्जालाच आमच्याशी झालेला लेखी करार जोडणे सक्तीचे करावे. त्यात दर, पाळीचे तास आणि परांचीवर चढणाऱ्यांचा अपघात विमा असावा.

तिसरी, शिक्षणाची. पुण्याच्या एफटीआयआयत कला दिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा अभ्यासक्रम आहे, पण त्याला पदवी लागते. आयटीआयतून सुतारकाम शिकलेल्या मुलासाठी नकाशा, मॉडेल, कंटिन्युइटी आणि बजेट शिकवणारा छोटा वर्ग अमरावतीत काढावा.

चौथी, जागेची. चित्रनगरी आम्ही मागत नाही. गोरेगावला आहे, कोल्हापूरला आहे. मोठा स्टुडिओ पोसणे किती जड जाते, ते देसाईंच्या कर्जतच्या स्टुडिओत दिसले. बंद पडलेल्या जिनिंगचे न गळणारे एक गोदाम द्या. जुन्या बंड्या, कणग्या, सागवानी दारे आज भंगारात जातात; ती तिथे ठेवू आणि युनिटला भाड्याने देऊ. भाडे शासनाने ठरवावे, नोंदवही आम्ही सांभाळू.

चर्चेची बैठक अमरावतीच्या विभागीय आयुक्त कार्यालयात ठेवावी. मुंबईला यायचे तर आमचा रोज बुडतो.

आपले,
अमरावती व अकोला जिल्ह्यांतील कला विभागाचे कामगार