घराबाहेर जिंकलेले गाणे

लोकप्रिय कलावंताने राजकारणावर बोलावे की बोलू नये, हा वाद काही आजचा नाही. बोलला तर ‘तुझे काम गाण्याचे, तू गा’ असे ऐकावे लागते. गप्प राहिला तर ‘एवढे नाव कमावले, पण कणा नाही’ अशी बोलणी खावी लागतात. या वादात आपण कलावंताच्या धैर्याचे किंवा आगाऊपणाचे माप काढत बसतो. त्याचे गाणे लोकांपर्यंत नेणाऱ्या यंत्रणेकडे मात्र फारसे कोणी पाहत नाही. अमेरिकेतल्या ‘डिक्सी चिक्स’ या तीन गायिकांच्या ‘टेकिंग द लाँग वे’ या २००६ सालच्या ध्वनिमुद्रिकेची कहाणी नेमकी त्या यंत्रणेपाशी घेऊन जाते.

कंट्री संगीत हे अमेरिकेच्या दक्षिणेतल्या डोंगराळ, शेतकरी, कष्टकरी माणसांचे गाणे. युरोपातून आलेले फिडल आणि आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या माणसांच्या वाद्यातून घडलेला बँजो, ही त्याची दोन जुनी वाद्ये. शेत, आगगाडी, चर्च, दारू, तुरुंग, आई आणि दुरावलेला नवरा हे त्याचे विषय. नॅशव्हिल शहरात या गाण्याचा मोठा उद्योग उभा राहिला. हे गाणे ऐकणारा श्रोता साधारणपणे परंपरेला मानणारा, लष्कराविषयी आदर बाळगणारा. त्यांच्यापैकी अनेकांच्या घरातला एखादा मुलगा खरोखरच सैन्यात असतो.

मार्टी मॅग्वायर आणि एमिली रॉबिसन (आताच्या एमिली स्ट्रेयर) या दोघी बहिणी १९८९ साली डॅलसमध्ये सुरू झालेल्या या वाद्यवृंदाच्या संस्थापकांपैकी. एक फिडल वाजवणारी, दुसरी बँजो. १९९५ मध्ये त्यांना येऊन मिळाली नॅटली मेन्स ही टेक्ससच्या लबक गावची गायिका. १९९८ चे ‘वाइड ओपन स्पेसेस’ आणि १९९९ चे ‘फ्लाय’ या त्यांच्या ध्वनिमुद्रिकांच्या एकट्या अमेरिकेत प्रत्येकी एक कोटी किंवा त्याहून अधिक प्रती गेल्या. जानेवारी २००३ मध्ये ‘सुपर बोल’ या फुटबॉलच्या अंतिम सामन्याआधी राष्ट्रगीत गाण्याचा मान त्यांना मिळाला. त्यांच्या देशभक्तीविषयी शंका घेणारे कोणीही तेव्हा नव्हते.

त्यानंतर सहा-सात आठवड्यांची गोष्ट. १० मार्च २००३ रोजी लंडनच्या शेपर्ड्स बुश एम्पायर या नाट्यगृहात त्यांचा कार्यक्रम होता. इराकवरचा हल्ला तोंडावर आला होता. दोन गाण्यांच्या मध्ये बोलताना नॅटली मेन्सने हे युद्ध आपल्याला नको असल्याचे सांगितले आणि अमेरिकेचे अध्यक्ष टेक्ससचे आहेत याची आपल्याला लाज वाटते, असेही ती म्हणून गेली. समोरच्या श्रोत्यांनी टाळ्या वाजवल्या. ‘गार्डियन’ने कार्यक्रमाच्या परीक्षणात ते वाक्य छापले आणि समुद्र ओलांडून ते टेक्ससला पोहोचले.

पुढे जे झाले त्याला वादळ म्हणणेही कमीच. लुईझियानात त्यांच्या तबकड्यांवरून ट्रॅक्टर फिरवण्यात आला. साउथ कॅरोलायना राज्याच्या प्रतिनिधिगृहाने त्यांनी माफी मागावी असा ठराव केला. नॅटलीला जिवे मारण्याच्या धमक्या आल्या. त्या वेळी त्यांचे ‘ट्रॅव्हलिन सोल्जर’ हे गाणे कंट्री संगीताच्या यादीत पहिल्या क्रमांकावर होते. व्हिएतनामला गेलेल्या आणि परत न आलेल्या एका तरुण सैनिकाचे ते गाणे! सैनिकांचा अपमान झाला म्हणून संतापलेल्या लोकांनी रेडिओवरून सर्वप्रथम उतरवायला लावले ते सैनिकाचेच गाणे. काही आठवड्यांत ते यादीतून नाहीसे झाले.

श्रोत्यांची बाजूही नीट समजून घेतली पाहिजे. त्यांचा राग खोटा नव्हता. ज्यांच्या घरची मुले आखाती वाळवंटात तैनात होती, त्यांना परक्या देशातल्या रंगमंचावरून, टाळ्यांच्या गजरात आलेले हे वाक्य टोचले तर त्यात नवल नाही. घरातले भांडण शेजाऱ्याच्या अंगणात का मांडलेस, हा प्रश्न कोणत्याही समाजात विचारला जातो. शिवाय आवडेनासे झालेले गाणे न ऐकण्याचा, तबकडी विकत न घेण्याचा, पत्र लिहून निषेध करण्याचा श्रोत्याला पूर्ण हक्क आहे. गायिकेला बोलण्याचा जो हक्क आहे, त्याच जातीचा तो हक्क. नॅटलीनेही चारच दिवसांनी अध्यक्षपदाचा अनादर केल्याबद्दल माफी मागितली होती.

पण श्रोत्याने गाणे बंद करणे वेगळे आणि गाणे श्रोत्यापर्यंत पोहोचूच न देणे वेगळे. कंट्री रेडिओने नको असलेले गाणे दूर ठेवण्याची ही काही पहिली वेळ नव्हती. १९६४ मध्ये जॉनी कॅशने अमेरिकेच्या मूळ रहिवाशांवरील अन्यायाची ध्वनिमुद्रिका काढली, तेव्हा अनेक केंद्रांनी ‘द बॅलड ऑफ आयरा हेज’ हे त्यातले गाणे वाजवायचे टाळले. कॅश इतका चिडला, की ‘बिलबोर्ड’ साप्ताहिकात पानभर जाहिरात देऊन त्याने केंद्रचालकांना त्यांच्या भित्रेपणाचा जाब विचारला. गाणे कंट्री यादीत तिसऱ्या क्रमांकापर्यंत चढले. १९७५ मध्ये लोरेटा लिनचे संततिनियमनाच्या गोळीवरचे ‘द पिल’ अनेक केंद्रांनी बंद केले. तरी ते पाचव्या क्रमांकावर गेले. तेव्हाचे श्रोते आजच्यापेक्षा उदार होते असे मुळीच नाही. एका केंद्राने दार लावले, तर पुढच्या गावातले केंद्र दुसऱ्याच मालकाचे होते, एवढाच फरक.

१९९६ च्या दूरसंचार कायद्याने हा फरक पुसला. त्याआधी एका कंपनीला देशभरात जास्तीत जास्त चाळीस केंद्रे ठेवता येत. ही मर्यादा उठताच खरेदीची झुंबड उडाली आणि काही वर्षांतच ‘क्लिअर चॅनेल’ या एका कंपनीकडे बाराशेहून अधिक केंद्रे जमा झाली. डिक्सी चिक्सच्या बाबतीत मुख्य कार्यालयातून बंदीचा निर्णय झाला तो ‘क्युम्युलस’ या दुसऱ्या कंपनीत. तिने आपल्या कंट्री केंद्रांवर त्यांची गाणी काही काळ थांबवली. जुलै २००३ मध्ये सिनेटच्या समितीपुढे कंपनीच्या प्रमुखाला त्याबद्दल उत्तर द्यावे लागले. फैलावर घेणारे समितीचे अध्यक्ष जॉन मॅकेन हे स्वतः युद्धाचे समर्थक होते, हे लक्षात घेण्यासारखे. कोलोरॅडोतल्या एका केंद्रावर तर दोन निवेदकांनी ही गाणी वाजवली म्हणून त्यांना निलंबित केले गेले. याला श्रोत्यांचा कौल कसे म्हणायचे? श्रोत्यांचा कौलच पाहायचा, तर १ मे २००३ चा ग्रीनव्हिलचा कार्यक्रम पाहावा. माफीचा ठराव करणाऱ्या साउथ कॅरोलायनातलेच हे गाव. ज्यांना हुर्यो करायची असेल त्यांनी आता करावी, असे म्हणून नॅटलीने रंगमंचावरून सवड दिली. सभागृहातून आला तो जल्लोष.

या साऱ्यातून ‘टेकिंग द लाँग वे’ जन्माला आली. तिघींनी लॉस एंजेलिस गाठले आणि निर्माता म्हणून निवडला रिक रुबिन. रॅप आणि हेवी मेटलमध्ये नाव काढलेला, जॉनी कॅशला उतारवयात पुन्हा उभे करणारा. आजवर त्या बहुतांशी इतरांनी लिहिलेली गाणी गात. या वेळी चौदाच्या चौदा गाण्यांच्या लेखनात त्यांचा स्वतःचा हात होता. साथीला डॅन विल्सनसारखे गीतकार आणि गिटारवर माइक कँपबेलसारखे रॉक संगीतातले वादक होते. फिडल आणि बँजो राहिले, पण गाण्याचा एकंदर बाज कॅलिफोर्नियाच्या रॉककडे झुकला. ‘नॉट रेडी टू मेक नाइस’ या गाण्यात त्यांनी रोखठोक सांगितले, की आम्ही अजून समेटाला तयार नाही. ध्वनिमुद्रिका प्रसिद्ध होण्याच्या सुमारास नॅटलीने ती जुनी माफीही मागे घेतली.

२३ मे २००६ रोजी ध्वनिमुद्रिका बाजारात आली. पहिल्याच आठवड्यात ५ लाख २६ हजार प्रती खपल्या आणि ती देशात पहिल्या क्रमांकावर गेली. कंट्री रेडिओने मात्र पाठ फिरवली ती फिरवलीच. तिथल्या यादीत ‘नॉट रेडी टू मेक नाइस’ छत्तिसाव्या क्रमांकापलीकडे गेले नाही. दक्षिणेत आणि मध्य-पश्चिमेत तिकिटे खपेनात, तेव्हा दौऱ्यातले काही कार्यक्रम रद्द करून कॅनडातले कार्यक्रम वाढवावे लागले. ११ फेब्रुवारी २००७ रोजी मिळाली होती तेवढी पाचही ग्रॅमी नामांकने त्यांनी जिंकली. वर्षातली सर्वोत्तम ध्वनिमुद्रिका, सर्वोत्तम गीत, सर्वोत्तम कंट्री ध्वनिमुद्रिका, सारेच. सर्वसाधारण यादीत ते गाणे त्यानंतर चौथ्या क्रमांकावर पोहोचले.

सत्याचा विजय झाला, असे म्हणून इथे पडदा टाकण्याचा मोह होतो. मला मात्र तो विजय अर्धाच वाटतो. एका बाजूने हे गाणे न ऐकताच नाकारले, तर दुसऱ्या बाजूने बरेचसे बंडाचे निशाण म्हणून उचलून धरले. याच ध्वनिमुद्रिकेत मूल होत नसल्याच्या दुःखाचे एक गाणे आहे. स्मृती हरवत चाललेल्या आजीचे एक आहे. खरे तर हेच कंट्री संगीताचे अस्सल विषय. टेक्ससमधल्या कोणत्याही स्वयंपाकघरात ती गाणी ऐकून कोणाच्या तरी डोळ्यांत पाणी आले असते. ती गाणी ज्या घरांसाठी होती त्या घरांत रेडिओवरून पोहोचली नाहीत. नुकसान गायिकांचे झालेच, पण त्याहून अधिक त्या घरांचे झाले.

आणखी एक नुकसान सावकाश दिसू लागले. टेलर स्विफ्टने २०२० च्या आपल्याविषयीच्या माहितीपटात सांगितले, की कंट्री गायिका म्हणून वाढताना ‘डिक्सी चिक्ससारखे होऊ नकोस’ ही ताकीद तिला पुन्हा पुन्हा मिळाली होती. तीन गायिकांना गप्प बसवता आले नाही. पण त्यांना झालेली शिक्षा पाहून किती जणी गप्प बसल्या याची मोजदाद कोण करणार? स्वतः त्या तिघींची पुढची ध्वनिमुद्रिका यायला चौदा वर्षे लागली. २०२० मध्ये ‘डिक्सी’ हा गुलामगिरीच्या काळातल्या दक्षिणेची आठवण देणारा शब्द गाळून ‘द चिक्स’ या नावाने त्या परतल्या.

आज गाणे ऐकायला रेडिओची मिनतवारी करावी लागत नाही, भ्रमणध्वनीवर सारे काही मिळते, मग ही जुनी कहाणी कशाला उगाळायची, असे कोणी विचारील. पण मालकी मूठभरांच्या हाती जाण्याचा प्रकार रेडिओपुरता नव्हता आणि तो संपलेलाही नाही. पुढे कोणते गाणे सुचवायचे हे ठरवणारी यंत्रे आजही मोजक्याच कंपन्यांची आहेत. श्रोत्याच्या रागाची भीती बाळगू नये. रागावलेला श्रोता उद्या पुन्हा गाणे लावू शकतो, ग्रीनव्हिलला त्याने तेच केले. भीती बाळगायची ती त्याच्या नावाने परस्पर दार लावून घेणाऱ्या द्वारपालाची. गावाच्या गाण्यात गावाशी भांडण्याचीही सोय असावी लागते. ती सोय राहिली नाही, तर उरते ती केवळ जाहिरातीची धून.