एसटीच्या पलीकडचे आबासाहेब

३० जुलै जवळ आला की व्हॉट्सॲपवर गणपतराव ऊर्फ आबासाहेब देशमुखांवरचा तोच मजकूर फिरायला लागतो. अकरा वेळा आमदार, तरी एसटीने प्रवास, साधं घर, साधे कपडे. खाली जोडलेल्या हातांची रांग. पाठवणाऱ्यांत असेही असतात, ज्यांनी आयुष्यात त्यांच्या शेतकरी कामगार पक्षाला (शेकाप) मत दिलेलं नाही आणि पुढेही देणार नाहीत. मला या मजकुराची चीड येते. त्यात खोटं काही नाही. पण एका मार्क्सवाद्याला देव्हाऱ्यात बसवलं की त्याच्या राजकारणाचं काय करायचं, हा त्रास वाचतो.

ते राजकारण सुरू झालं ते पडत्या काळात. शेतकरी कामगार पक्षाने १९५० साली दाभाडीला मार्क्सवाद-लेनिनवाद स्वीकारला. पुढे केशवराव जेधे, शंकरराव मोरे यांच्यासारखे संस्थापकच काँग्रेसमध्ये परतले. संयुक्त महाराष्ट्राच्या लाटेत १९५७ला पक्षाचे ३१ आमदार आले होते. राज्य मिळालं, संयुक्त महाराष्ट्र समिती विस्कटली आणि १९६२ला ते १५ वर आले. त्या पंधरांत सांगोल्याचे गणपतराव पहिल्यांदा होते. शहाणी माणसं काँग्रेसच्या यशवंतराव चव्हाणांकडे निघाली होती, तेव्हा हा वकील उलट्या दिशेने विधानसभेत शिरला.

अकराचा आकडा ऐकून वाटतं तशी ही सरळ चढण नव्हती. १९७२ला ते हरले, १९७४च्या पोटनिवडणुकीत परतले. १९९५ला तर १९२ मतांनी गेले. १९९९ला पुन्हा आले. दोनदा मंत्री झाले, आधी १९७८च्या पुलोद सरकारात, मग १९९९नंतर विलासराव देशमुखांच्या सरकारात. त्यावर फार रेंगाळावं असं मला वाटत नाही. त्यांच्या कारकिर्दीचा कस मंत्रालयात लागलाच नाही.

तो लागला पाण्यात. सांगोला हा माणदेशाच्या कोरड्या पट्ट्यातला तालुका. पश्चिमेला कृष्णा दुथडी भरून वाहणार, तिच्या काठी ऊस आणि कारखाने उभे राहणार, आणि पूर्वेकडच्या माणसाने दर दोन-चार वर्षांनी रोजगार हमीवर खडी फोडायची, असा इथला रिवाज. असल्या तालुक्याच्या आमदाराने काय करायचं, हेही ठरलेलं: टँकर आणायचे, चारा छावणी उघडायची, छावणीच्या उद्घाटनाला नारळ फोडायचा आणि दुष्काळ आपल्यामुळे सुसह्य झाला म्हणून मतं मागायची. हा रिवाज मोडायला १९९३ साली आटपाडीत पाणी परिषद भरली, तेरा दुष्काळी तालुक्यांची. तिच्यात होते क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडी, भारत पाटणकर आणि गणपतराव. तिथली मागणी मदतीची नव्हती, वाट्याची होती. कृष्णेचं पाणी उचलून पूर्वेला आणा, एवढ्यावर ही माणसं थांबली नाहीत. आलेलं पाणी जमिनीच्या एकरांवर न वाटता कुटुंबावर वाटा, आणि ज्याला जमीनच नाही त्यालाही त्यात हिस्सा द्या, असं ही चळवळ म्हणत होती.

हे वाक्य जरा थांबून वाचावं. ज्याची जमीन मोठी त्याचं पाणी मोठं, या पायावर पश्चिम महाराष्ट्राची सारी सत्ता उभी आहे. त्या पायालाच हा हात होता. टेंभू, म्हैसाळच्या उपसा योजना रखडत, पैशाअभावी अडकत, वीजबिलांवरून भांडत का होईना, पुढे सरकल्या. पाणी काही भागांत पोचलं. भूमिहीनाचा हिस्सा मात्र बहुतेक ठिकाणी ठरावातच राहिला. गणपतरावांचं कौतुक करणाऱ्यांना योजनेचं पाणी आठवतं, हिश्शाची अट आठवत नाही. अट गैरसोयीची आहे ना!

सहकारातही त्यांनी कारखानदारीची वाट धरली नाही. शेजारी पंढरपूर, माळशिरसला साखरेचे गड उभे होते. यांनी सूतगिरणी काढली, पुढे महिलांची वेगळी गिरणी आली. महाराष्ट्रात सूतगिरण्यांचे सांगाडे गावोगाव पडलेले असताना सांगोल्याची गिरणी नीट चालवून दाखवली, हे त्यांच्या विरोधकांनीही मान्य केलं आहे. साधेपणाचा उपयोग इथे होतो. संस्थेच्या पैशाला हात न लावणारा माणूस वर असला की खालचेही जरा बिचकतात. एसटीचं तिकीट हे गुणपत्रक समजू नये. ते कामाचं हत्यार होतं.

आता दुसरी बाजू, कारण भक्तिभावात ती नेहमी गळते. गणपतराव मोठे होत गेले आणि पक्ष आटत गेला. १९७८ला तेरा आमदार, १९९९ला पाच, २०१४ला तीन. सांगोल्यात लाल बावटा म्हणजे आबासाहेब, हे समीकरण इतकं घट्ट झालं की दुसरं नावच वाढलं नाही. २०१९ला वयाच्या त्र्याण्णवाव्या वर्षी ते थांबले. पन्नास वर्षं कार्यकर्ते घडवणाऱ्या पक्षाने उमेदवार म्हणून शेवटी त्यांचा नातूच उभा केला. अनिकेत देशमुख ७६८ मतांनी पडले. निवडून आले ते शहाजीबापू पाटील, १९९५ला आबासाहेबांना हरवणारेच. तीन वर्षांनी, शिवसेनेतल्या बंडावेळी, त्यांनी गुवाहाटीहून केलेल्या फोनमुळे सांगोल्याचं नाव साऱ्या देशात झालं, झाडी-डोंगरासाठी! आबासाहेब तोवर गेले होते; ३० जुलै २०२१ ही ती तारीख.

घराणेशाहीवर रोज टीका करणाऱ्या डाव्यांना हे टोचायला हवं. व्यक्ती निष्कलंक असली की तिच्या छायेत पक्षाची बांधणी खिळखिळी होतेय हे कुणी बोलत नाही. बोलणं कृतघ्नपणाचं वाटतं. मला वाटतं, गणपतरावांच्या कारकिर्दीतला हाच खरा तोटा, आणि तो त्यांच्या गुणांतूनच निघाला.

२०२४ला दुसरे नातू, डॉ. बाबासाहेब देशमुख, सांगोल्यातून निवडून आले. राज्यात शेकापचा तेवढा एकच आमदार. टेंभूच्या पाण्यात भूमिहीनाचा वाटा कुठे आहे, हे ते सभागृहात विचारतात का, याकडे या सदराचं लक्ष राहील.