काळ्या कापडाचा पांढरा पाया

रंगाला खालीं उजळ भूमि लागते, हें आपल्या घरांतील स्त्रियांस कोणीं शिकवावें लागत नाहीं. सारवलेल्या अंगणांत चिमूटभर कुंकू थेट भुईवर टाकलें तर तें मातींत हरवतें. आधीं रांगोळीचा पांढरा थर घालून त्यावर भरलें म्हणजे तेंच कुंकू उठून दिसतें. अजिंठ्याच्या चित्रकारांनींहि मातीच्या गिलाव्यावर प्रथम पातळ पांढरा लेप दिला आणि मगच रंगाचा कुंचला हातीं घेतला. सांप्रत काळ्या टी-शर्टांवर रंगीत चित्रें छापून देण्याचा जो उद्योग गांवोगांव पसरला आहे, त्याचें सारें मर्म याच एका गोष्टींत आहे.

या विषयाकडे आम्ही वळलों तें एका वाचक भगिनीच्या पत्रामुळें. त्या लिहितात कीं, त्यांच्या चिरंजीवांनीं पदवी घेऊन दोन वर्षें नोकरीची वाट पाहिली. आतां ढोलपथकें, दिंड्या व शाळांचीं स्नेहसंमेलनें यांच्यासाठीं टी-शर्ट छापण्याचा धंदा घरींच मांडावा असें त्यांच्या मनानें घेतलें आहे. यंत्रासाठीं मातोश्रींच्या पाटल्या गहाण टाकावयाच्या, इथपर्यंत घरांत एकमत झालें. वाद आहे तो यंत्राबरोबर लागणाऱ्या सॉफ्टवेअरचा. वडील म्हणतात, जी वस्तु हातांत धरतां येत नाहीं तिला पैसे कसले मोजावयाचे? यंत्र विकणारे गृहस्थ तर तिचें कुलूप तोडलेली प्रत फुकट घालून देण्यास तयार आहेत. मुलगा म्हणतो, घ्यावयाची तर विकतच घेऊं. यांत कोणाचें खरें, असा भगिनींचा प्रश्न आहे.

उत्तरापूर्वीं ही वस्तु करते काय, तें पाहूं. छपाईचे नेहमींचे चार रंग म्हणजे निळा, किरमिजी, पिवळा आणि काळा. यांतील पहिले तीन पारदर्शक असतात. पुस्तकाच्या पानावर ते उजळ दिसतात तो उजेड त्यांचा नव्हे, खालच्या कागदाचा; प्रकाश रंगांतून कागदापर्यंत जातो आणि परत येतो. चित्रांतील पांढरा भाग तर छापलाच जात नाहीं. तेथें कोरा कागदच पांढऱ्याचें काम करतो. काळ्या कापडावर प्रकाशाला परत पाठविणारें कोणी नसतें, म्हणून तेच रंग बुडून जातात. तेव्हां तेथें पांढरा हा आणखी एक रंग खालीं अंथरावा लागतो.

त्याच्या रीती दोन. ओकी या जपानी कंपनीनें काढलेल्या कांहीं यंत्रांत काळ्या टोनरच्या जागीं पांढरा टोनर बसविला होता. चित्रांतील काळें मग काळ्या कापडाकडूनच उसनें घ्यावयाचें, म्हणजे त्या जागीं कांहींच छापावयाचें नाहीं. दुसरी रीत फिल्मची. तिला धंद्यांतील लोक डीटीएफ म्हणतात. प्लॅस्टिकच्या पातळ फिल्मवर चित्र उलटें छापतात, प्रथम रंग आणि त्यांवर पांढरा. ओल्या शाईवर चिकट भुकटी पसरून ती तापवितात. मग फिल्म कापडावर पालथी ठेवून सुमारें १५० ते १६० अंश सेल्सिअसवर दहापंधरा सेकंद दाबली कीं चित्र कापडावर उतरतें, आणि वर छापलेला पांढरा आपोआप खालीं जातो.

हा पांढरा कोठें, किती आणि कोठवर घालावयाचा, हें ठरविणारें तें सॉफ्टवेअर. धंद्यांत त्यास 'रिप' म्हणतात. चित्राचें बारीक ठिपक्यांत रूपांतर करणें हें त्याचें जुनें काम. काळ्या कापडासाठीं त्याला आणखी विवेक करावा लागतो. चित्रांतील डोळ्यांचें पांढरें आणि चित्राभोंवतीं उरलेल्या कोऱ्या कागदाचें पांढरें दिसावयास सारखेंच. पण पहिलें छापलें पाहिजे आणि दुसरें मुळींच छापतां कामा नये. हा भेद चुकला कीं गणपतीच्या मूर्तीभोंवतीं पांढरा चौकोन उमटतो आणि छातीवर जाहिरातीचें ठिगळ लावल्यासारखें दिसतें.

दुसरा विवेक कांठाचा. पांढरा थर रंगाच्या अगदीं बरोबरीनें घातला, तर केंसभर हालचालीनें त्याची कड बाहेर डोकावते. म्हणून सॉफ्टवेअर त्याला चोहोंकडून एकदोन ठिपके आंत घेतें. आपल्या लिपीचा खरा घात येथेंच होतो. इंचास ३०० ठिपके धरले तर अर्ध्या मिलिमीटरची रेघ सुमारें सहा ठिपक्यांची होते. दोन्हीं बाजूंनीं दोन दोन आंत घेतले म्हणजे खालीं पाया उरतो दोनच ठिपक्यांचा. तेवढ्यावर रंग दिसतहि नाहीं आणि टिकतहि नाहीं. बारीक अक्षरांतील अनुस्वार सर्वांआधीं जातो, आणि 'मंगलमूर्ति' काळ्या कापडावर 'मगलमूर्ति' होऊन बसतो. शाळेंत ज्या चुकीसाठीं आम्ही गुण कापले, ती चूक पन्नास जणांच्या छातीवर मिरवावी काय? चांगल्या सॉफ्टवेअरमध्यें हें आंत घेणें कमी करतां येतें. मात्र करणाऱ्यास तें ठाऊक हवें.

आतां वडिलांच्या आक्षेपाविषयीं. हातांत धरतां येत नाहीं त्याला मोल नाहीं असें मानलें, तर ज्या विद्येवर आपल्या घराण्यांनीं पिढ्या काढल्या तिचें मोल काय राहिलें? विद्येची दक्षिणा घेणारानें विद्येची चोरी क्षम्य म्हणूं नये. कायदाहि तेंच सांगतो. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यांत १९८४ सालीं संगणकाच्या आज्ञावलींस साहित्यकृतींत स्थान मिळालें. चोरीची आज्ञावली जाणूनबुजून वापरणारास ७ दिवसांपासून ३ वर्षांपर्यंत कारावास आणि ५० हजारांपासून २ लाख रुपयांपर्यंत दंड सांगितला आहे. शिवाय कुलूप तोडलेल्या प्रतीला वाली नसतो. ती ऐन गणेशोत्सवांत अडली तर विचारावयाचें कोणाला? चिरंजीवांचें म्हणणें सर्वथा योग्य आहे.

हाच न्याय चित्रांसहि लागू आहे. राजा रविवर्मा १९०६ सालीं वारले; कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षांची मुदत केव्हांच सरली असल्यामुळें त्यांचीं चित्रें कोणीहि छापावीं. आज हयात असलेल्या चित्रकाराचे शिवछत्रपति मात्र त्याच्या अनुमतीवांचून छापणें ही चोरीच, मग भक्तिभाव कितीहि असो.

परंतु पाटल्यांविषयीं आमचें मत मुलाच्या विरुद्ध आहे. पांढऱ्या शाईंतील टायटॅनियम डायऑक्साइड पाण्याच्या चौपटीहून जड असतो. शाई पडून राहिली कीं तो तळाशीं बसतो आणि यंत्राचीं सूक्ष्म छिद्रें बुजतात. म्हणून यंत्र चालतें ठेवावें लागतें. पथकें आणि दिंड्या यांचीं कामें येतात ठराविक महिन्यांत; उरलेल्या दिवसांत निजलेलें यंत्र स्वतःचाच नाश करून घेईल, आणि सावकाराचें व्याज मात्र निजत नाहीं.

यास मध्यम मार्ग आहे. फिल्म मीटरच्या भावानें छापून देणारे लोक शहरांत आहेत. प्रथम घरीं केवळ दाबण्याचें यंत्र, म्हणजे हीट प्रेस, घ्यावें. चित्रें स्वतः रचून फिल्म बाहेरून छापून आणावी. पारदर्शक पार्श्वभूमीचें चित्र कसें करावें, अक्षर किती जाड ठेवावें, हें त्यांतच शिकून होतें. एक संपूर्ण वर्ष, सुगीचे आणि भाकड दोन्हीं महिने, हिशेबाची वही ठेवावी. बाहेर छपाईस दिलेले पैसे यंत्राच्या हप्त्याहून बारा महिने अधिक भरूं लागले, तर यंत्र आणि सॉफ्टवेअर दोन्हीं रीतसर पावतीनें घ्यावीं.

यंत्र पाहावयास जातांना एक काळा टी-शर्ट आणि घरीं तयार केलेलें एक चित्र बरोबर न्यावें. विक्रेत्याचें तयार चित्र पाहून भुलूं नये. चित्रांत एक पांढरें फूल, एक धुराची वलयें काढणारी उदबत्ती आणि अनुस्वारांनीं भरलेली एक बारीक ओळ असावी. छापलेला टी-शर्ट घरीं आणून दहा वेळां धुवावा, वाळवावा, आणि मग वाचावा. सर्व अनुस्वार जागच्या जागीं असतील, तरच पुढची बोलणी करावी.