'सेंट पीटर्स' नावाची आगबोट

मिसूरी नदीवरच्या आगबोटींचा इतिहास काढला की 'यलोस्टोन'चं कौतुक हमखास येतं. यायलाच हवं म्हणा. त्याआधी अमेरिकन फर कंपनीचा माल भरलेल्या होड्या गडीमाणसं काठाकाठाने दोर ओढत, महिनोन् महिने खपून प्रवाहाविरुद्ध वर नेत. १८३२ साली ही बोट थेट फोर्ट युनियनपर्यंत जाऊन पोचली. बीव्हरची कातडी हलकी, पण बायसनची केसाळ कातडी जड नि अवाढव्य. ती हजारांनी खाली आणायची तर वाफच हवी.

त्याच कंपनीच्या, त्याच नदीवरच्या 'सेंट पीटर्स'ला मात्र मी वाचलेल्या बहुतेक ठिकाणी दोन-चार ओळींत उरकलंय. हे मला खटकतं.

१८३७ साली ही बोट वर जाताना वाटेतच तिच्यावर देवीची लागण असल्याचं कळलं होतं. तरी ती परत फिरली नाही. वर्षभराचा माल पोचवायचा होता ना! जूनमध्ये ती फोर्ट क्लार्कला लागली. शेजारीच मंडान लोकांचं गाव. मातीची गोल घरं, मक्याची शेती. जुलैपासून माणसं मरू लागली. सोळाशे ते दोन हजार मंडानांपैकी उरले जेमतेम सव्वाशे-दीडशे. त्यांचा पुढारी मातो-तोपे, म्हणजे 'चार अस्वलं', ३० जुलैला गेला. त्याची सुंदर चित्रं आहेत, कॅटलिन आणि बोडमर या दोघांनी काढलेली. आणि हे दोघेही चित्रकार मिसूरीवर वर गेले ते यलोस्टोनमध्ये बसूनच, बरं का!

कुणी म्हणतं, रोग मुद्दाम पसरवला. तसा भक्कम पुरावा नाही. कुणी म्हणतं, दैव. तेही मला पटत नाही. जेनरची लस १७९६ ची. आपण ज्या रोगाला देवी म्हणून हात जोडत होतो त्याची लस १८०२ साली मुंबईत तीन वर्षांच्या ॲना डस्टहॉलला टोचली गेली, एवढं अंतर कापून! अमेरिकेच्या काँग्रेसने (तिथल्या हो!) १८३२ मध्ये मूळ रहिवाशांना लस देण्याचा कायदाही केला, पण मंडानांपर्यंत ती लस गेलीच नाही. ज्या नदीतून दरसाल बंदुका, घोंगड्या आणि काचेचे मणी वर जात, तिच्यातून एक डॉक्टर नेता आला नसता? बोट तर त्याच वर्षी, १८३२ लाच, थेट वर पोचली होती.

असो. वाचलेल्या मंडानांचे वंशज आज नॉर्थ डकोटात, फोर्ट बर्थोल्डला, हिदात्सा आणि अरिकारा लोकांबरोबर राहतात.